ढावलो पाठ करताना

आमच्या बंजारा तांड्यात नवरीनं रडायचं ते गाऊन. ढावलो म्हणतात त्याला. सासरी निघताना आईच्या, बापाच्या, भावाच्या गळ्यात पडून एकेकासाठी वेगळं कडवं म्हणायचं, तेही आमच्या गोरबोलीत. पूर्वी म्हाताऱ्या बाया महिनाभर आधी नवरीला समोर बसवून शिकवत.

माझं लग्न ठरलं तेव्हा मला गोरबोली धड येत नव्हती. यवतमाळच्या वसतिगृहात शिकले, आणि सुटीत घरी आले तरी वडिलांची सगळ्यांना ताकीद होती, पोरीशी मराठीतच बोला, नाहीतर शाळेत मागे पडेल. मी पुढे गेले की! वक्तृत्वाची बक्षिसंसुद्धा आणली.

ती वर्षं कापसाला वाईट होती. बोंडं किडायची, उरलेल्याला भाव नसायचा. तांड्यातल्या बाया दिवसभर दुसऱ्यांच्या वावरात राबायच्या, त्यामुळे शिकवायला उरली एकटी आई. ती वेचणीहून आली की चुलीपुढे बसून सांगायची आणि अर्ध्या ओळीतच तिचा डोळा लागायचा. मी शब्द वहीत उतरवून घोकायचे, पण चाल गळ्याला लागेना. वर्गात कविता म्हणून दाखवतेय असंच वाटायचं. एकदा वैतागून म्हणाले, नाही गायलं तर काय बिघडेल?

"रडाले आलं पाहिजे, पोरी," आई म्हणाली. "न रडता गेली त लोक म्हणतीन, हिले मायचं काहीच वाटत नाई."

त्यानंतर मी नुसत्या भीतीनं घोकत राहिले.

घरी लग्न करायची ऐपत नव्हती, म्हणून दारव्ह्याला सामूहिक विवाहात लागलं. भाषणं लांबली आणि मग एकच घाई सुटली. नवऱ्या मुलींना गाड्यांत बसवा, असा भोंग्यावरून पुकारा होऊ लागला. मी आईच्या गळ्यात पडले, तोंड उघडलं आणि पहिला शब्दच आठवेना. वहीचं पान डोळ्यांपुढे होतं, त्यावरचा तेलाचा डागही दिसत होता. रडूसुद्धा येईना. तांड्यातल्या बाया वाट बघत भोवती उभ्या होत्या. जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं मला.

तेवढ्यात आईनं माझ्या खांद्यात तोंड लपवलं आणि माझ्याऐवजी सूर धरला. कडवं लेकीचं होतं. याडी, म्हणजे आई, मला का घालवून देतेस, मी तुला इतकी जड झाले का? ती हे स्वतःलाच विचारत होती आणि मी नुसते ओठ हलवत होते.

भोवतीच्या बाया पदर डोळ्याला लावू लागल्या. पोरगी चांगली रडली, म्हणाल्या.