एलेमेरचा नामदिन

आमच्या बुडापेस्टमध्ये नामदिनाला आमंत्रण लागत नाही. कॅलेंडरात दर तारखेला कुणाचं तरी नाव असतं; तुमच्या नामदिनाला तुमचं नाव छापलेलं असतं आणि फुकटची पालिंका, म्हणजे आमची फळांची दारू, पिणाऱ्यांना ते चष्म्याशिवाय दिसतं. फेब्रुवारीच्या शेवटी एलेमेर वादाशच्या घरी म्हणूनच दरवर्षी उभं राहायला जागा नसायची. यंदा संध्याकाळ झाली, तरी खुर्चीत बसलेला पाहुणा मी एकटाच.

एलेमेर सिनेमात आला तो मूकपटात, प्रेत म्हणून. ते त्याने इतकं मन लावून केलं की पुढच्या चित्रपटात त्याला जिवंत केलं. मग बटलर, मग बँकवाला, मग काउंट. वडील न्हावी होते, पण हा पायऱ्या उतरला की दहा पिढ्यांची जमीनदारी उतरतेय असं वाटायचं. मी त्याचा रंगभूषाकार. त्याच्या चेहऱ्याला मी फक्त पावडर लावायचो. बाकीचा काउंट तो घरूनच आणायचा.

सरकार बदललं, कम्युनिस्ट आले, स्टुडिओ सरकारी झाला. काउंट राहिले, पण आता ते खलनायक झाले. एलेमेर खूश होता. म्हणायचा, "लायोश, पूर्वी मी नायिकेचा बाप असायचो. आता सगळी गोष्ट माझ्यामुळेच घडते!"

नव्या चित्रपटात तो एका विधवेला भर थंडीत झोपडीबाहेर काढतो. विधवेचं काम करत होती आमची म्हातारी नटी इलका. प्रसंग झाला, एलेमेर गरजला, आणि जाताना सवयीने वाकून त्याने इलकाच्या हाताचं चुंबन घेतलं. सेटवर कुणाच्या ध्यानातही आलं नाही. बाईमाणसाचा निरोप आम्ही तसाच घेतो. आमचा दिग्दर्शक तर टेलिफोनवरसुद्धा कमरेत वाकतो.

खासगी खेळात मात्र ते पडद्यावर हातभर मोठं दिसलं. मागच्या रांगेतल्या कामगार बायकांनी डोळे पुसले. एक म्हणाली, "काही म्हणा, माणूस खानदानी!" पुढच्या रांगेतले पक्षाचे साहेब लोक मागे वळले नाहीत. नुसत्या त्यांच्या माना ताठ झाल्या. काउंटसाठी कुणी डोळे पुसावेत म्हणून त्यांनी हा चित्रपट काढला नव्हता.

म्हणून यंदा कुणी आलं नव्हतं. गॅलरीतून पावलं यायची, दाराशी हळू व्हायची आणि पुढे जायची. समोरच्या बिऱ्हाडाचा पडदा हलायचा.

"थंडी आहे ना," एलेमेर म्हणाला.

"गेल्या वर्षी बर्फ होतं," त्याची बायको इर्मा म्हणाली. "तेव्हा तुमचे मित्र घरी जायला तयार नव्हते."

तेवढ्यात बेल वाजली. दारात स्टुडिओच्या कचेरीतले कॉम्रेड केरेकेश. हातात फुलं नाहीत, बाटली नाही. टोपी काढली, पण कोट काढला नाही.

"नामदिनाच्या शुभेच्छा, वादाश. काळजीचं कारण नाही. उद्या सभेत उभं राहून एवढंच सांगायचं: इलकाने हात पुढे केला, तुम्ही गोंधळलात."

"आणि मग?"

"मग पुढच्या महिन्यात नवा चित्रपट. कारखाना उडवणारा हेर. चांगली भूमिका आहे."

"आणि इलका?"

"तिचं आम्ही बघू."

ते 'बघू' ऐकून इर्माने ताट खाली ठेवलं. एलेमेरने पालिंका ओतली, पेला केरेकेशच्या पुढे धरला. त्याने घेतला नाही.

"कॉम्रेड, तिचे दोन्ही हात शालीत होते. मी शाल बाजूला करून हात घेतला."

"विचार करून बोला. शहरात घरांची टंचाई आहे. तुमच्यासारख्यांना खेड्यात पाठवताहेत."

"विचार केला असता तर हात घेतलाच नसता. झालं ते झालं. सभेत हेच सांगेन."

केरेकेशने दोन्ही खोल्यांत नजर फिरवली, जणू भाड्याने बघायला आला होता. टोपी घातली आणि गेला.

"लायोश, तूही नीघ," एलेमेर म्हणाला. "तू इथे होतास हे त्याने पाहिलंय."

"पाहिलंय ना? मग आता पळून काय फायदा! पेला भर."

एलेमेरने कपाटावरची सूटकेस काढली. पडद्यावर त्याला कितीदा तरी देशोधडीला लावलं होतं, पण सामान भरायला तिथे दुसरी माणसं असत. त्याने तीन टाय आणि एक रेशमी रुमाल ठेवला, आणि भूमिका संपल्यासारखा बाजूला झाला. इर्माने टाय काढले आणि लोकरीचे मोजे भरायला घेतले.