रंगीला पार्व्हो झाला तेव्हा

डॉक्टर मॅडमनी तपासणीची प्लॅस्टिकची पांढरी पट्टी खिडकीच्या उजेडाकडे धरली. तिच्यावर दोन रेघा उमटल्या होत्या. "पार्व्हो आहे," त्या म्हणाल्या. टेबलावर आमची कुत्री रंगी आडवी पडली होती आणि माझे सासरे, तात्या, तिचं डोकं दोन्ही हातांत धरून उभे होते. त्यांना तो शब्द कळला नाही म्हणून त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मलाही कळला नव्हता.

आम्ही वडूजपासून थोडं आत राहतो. घरची मेंढरं आहेत, थोडं कोरडवाहू रान आहे. नवरा फौजेत असतो. त्यामुळे मेंढरांचं तात्या बघतात आणि घरचं मी. रंगी अजून वर्षाचीही नव्हती, पण कळप तिच्या भरवशावर सोडून तात्या झाडाखाली निवांत भाकरी खात. एकदा लांडगा कोकरावर आला, तर या पोरीनं त्याला ओढ्यापलीकडे पळवून लावलं होतं.

आधी तिनं भाकरीला तोंड लावलं नाही. मग पिवळा फेस ओकली. दुसऱ्या दिवशी सकाळी जुलाब सुरू झाले, त्यात रक्त दिसलं. त्याचा वास एकदा नाकात बसला की विसरत नाही.

शेजारणीनं माणसांची जुलाब बांधायची गोळी आणून दिली. तात्यांनी मेंढरांचं जंताचं औषध काढलं. मी नवऱ्याला फोन लावला. तो एवढंच म्हणाला, "काय बी देऊ नगंस. आमच्याकडं युनिटच्या कुत्र्यांना डॉक्टरनं बघितल्याबगर थेंब देत न्हाईत. वडूजला ने." तात्यांनी बाटली परत फळीवर ठेवली. रंगीला घोंगड्यात गुंडाळलं आणि शेजाऱ्यांच्या टेंपोतून आम्ही निघालो.

पार्व्हो म्हणजे कुत्र्यांच्या आतड्यांना होणारा विषाणूचा आजार. आतड्याचं आतलं अस्तर सोलून निघतं, म्हणून रक्त पडतं. मॅडमनी रंगीच्या मानेवरची कातडी चिमटीत धरून सोडली. ती तशीच उभी राहिली, लगेच खाली बसली नाही. "याला डिहायड्रेशन म्हणतात. अंगातलं पाणी संपलंय," त्या म्हणाल्या. "विषाणूला मारणारं खात्रीचं औषध माझ्याकडे नाही. सलाईन, उलटी थांबवायचं इंजेक्शन आणि दुसरे जंतू वाढू नयेत म्हणून अँटिबायोटिक, एवढं मी देऊ शकते. लढायचं तिलाच आहे."

"मेंढरास्नी लागंल का, बाई?" तात्यांनी विचारलं.

"नाही लागणार. माणसांनाही नाही. पण दुसऱ्या कुत्र्यांना लागेल. ती जिथं बसली होती ती जागा धुऊन घ्या, आणि तिथं दुसरं कुत्रं फिरकू देऊ नका."

मी जुलाबाच्या गोळीबद्दल विचारलं. त्यांनी ठामपणे मान हलवली. "अजिबात नाही. आतली घाण आतच अडकते. माणसांच्या दुखण्याच्या गोळ्याही कुत्र्याला घातक ठरू शकतात. आणि मेंढरांच्या औषधाचा डोस कुत्र्याला कधीच अंदाजानं देऊ नका."

त्यानंतर मेंढरं शेजाऱ्यांवर सोपवून रोज सकाळी आम्ही तिला नेत होतो आणि दिवसभर तिथंच बसत होतो. पुढच्या पायावरचे केस काढून तिथं सुई लावली होती. बाकावर माझ्या शेजारी कुणी मांजर घेऊन बसायचं, कुणी शेळी. रंगीला मात्र वेगळ्या खोलीत ठेवलेलं. मॅडम तिथून बाहेर येताना दर वेळी अ‍ॅप्रन बदलायच्या, हात कोपरापर्यंत धुवायच्या आणि तिथली फरशी स्वतः पुसायच्या. थकल्या तरी यात एकदाही कसूर झाली नाही.

मग एके दिवशी रंगीचं अंग गार पडलं. हिरड्या पांढऱ्याफटक झाल्या. मॅडम आमच्यासमोर येऊन बसल्या. "तात्या, मी खोटा धीर देणार नाही. आजचा दिवस अवघड आहे."

तात्या म्हणाले, "तुमी तुमचं करा, बाई. आमी हितं बसतो."

मॅडमनी गरम पाण्याच्या बाटल्या फडक्यात गुंडाळून तिच्या पोटाशी ठेवल्या. त्या गार झाल्या की पुन्हा भरायच्या. तात्यांनी अंगावरचं घोंगडं काढून तिच्यावर टाकलं आणि ते तिच्या कानाशी मेंढरांना हाकतात तसं हळूच "हुर्रर, हुर्रर" करत राहिले. मॅडमनी दुपारचा डबा तिथंच, फरशीवर बसून, सलाईनचे थेंब बघत खाल्ला. मी त्या दोघांकडे बघत होते. एक शिकलेली, एक रानात वाढलेला. कुणीच हार मानायला तयार नव्हतं.

दिवस कलायच्या आत रंगीचा कान हलला. मग तिनं मान उचलली आणि तात्यांच्या हाताचा वास घेतला. "आगं माझी वागीण!" तात्या एवढंच म्हणाले आणि तोंड भिंतीकडे फिरवून त्यांनी डोळे पुसले.

उलटी पूर्ण थांबल्यावरच मॅडमनी पाणी पाजू दिलं, तेही चमच्यानं. मग मऊ भात आणि बिनमसाल्याची उकडलेली कोंबडी, थोडी थोडी. "भूक दिसली म्हणून पोटभर घालू नका, आतडं अजून कच्चं आहे," असं त्यांनी बजावलं. पुढे जंताचं औषध तिच्या वजनाप्रमाणे त्यांनीच दिलं, आणि ती धडधाकट झाल्यावर लसही. लस पिल्लू असतानाच टोचून घ्यायची असते. तुमच्याकडे पिल्लू असेल तर थांबू नका. जुलाबात रक्त दिसलं किंवा पाणीही पोटात राहत नसेल, तर घरी प्रयोग करत बसू नका.

दवाखान्याच्या चकरा संपल्यावर घरी खरी अडचण झाली. काही दिवस कामाला न्यायचं नाही, असं मॅडमनी सांगितलं होतं. सकाळी मेंढरं निघाली की रंगी दावं ओढायची, रडायची. दोन दिवस तात्यांनी ते ऐकलं. तिसऱ्या दिवशी ते नेहमीच्या माळाकडे गेलेच नाहीत. घरामागच्या आमच्याच पडीक रानात त्यांनी कळप थांबवला.

"तात्या, तिथं चारा कुठाय? खुरटं गवत हाय नुसतं," मी म्हणाले.

"असू दे की. तिला तिथनं मेंढरं दिसत्यात. दिसली की गप बसती ती."

खरंच ती गप बसली होती. पुढच्या पायांवर हनुवटी टेकून, डोळे कळपावर. मेंढरांना कमी पडलेला चारा तात्या रोज लांबून डोक्यावर आणत होते. रंगीची ताकद परत येईपर्यंत त्यांनी तो भारा वाहिला, आणि कुरकुर केल्याचं मला आठवत नाही.