शेवटच्या पडद्यावरचं नाव

मालवणी अनुवादाच्या इतिहासात एक अन्याय झाला आहे, आणि तो मी आजवर कुणालाही सांगितलेला नाही. इतिहास म्हणजे — एक जुना जपानी फुटबॉलचा व्हिडिओ गेम.

शाळेत असताना त्याची कॅसेट दिनेशकडे होती, जामसंड्याला. दोन सामन्यांच्या मध्ये खेळाडू आणि त्यांचा प्रशिक्षक काहीतरी बोलायचे, जपानीत. आम्हाला ओ की ठो कळायचं नाही. मग त्यांच्या वतीने आम्हीच बोलायचो. "बॉल तुझ्या बापाशीचो आसा काय? पास दी मेल्या!" — हा दिनेशचा प्रशिक्षक. इतका चांगला प्रशिक्षक मी पुढे कुठे पाहिला नाही.

चाळिशीत कळलं, कुणीतरी हौसेने तो गेम इंग्रजीत आणलाय, आता कॉम्प्युटरवरही चालतो. आम्ही तो मालवणीत आणायचं ठरवलं. मी कणकवलीला कॉलेजात शिकवतो, म्हणून भाषांतर माझ्याकडे. दिनेश होड्यांवर नावं रंगवतो, म्हणून अक्षरं त्याच्याकडे — गेममध्ये देवनागरी कुठली असायला? आलेखाच्या वहीतले चौकोन काळे करत त्याने एकेक अक्षर बनवलं, पार 'ज्ञ'पर्यंत. दोन वर्षं. आणि खरं सांगू? प्रशिक्षकाची वाक्यंही बरीचशी त्याचीच.

निमंत्रणपत्रिकेत नाव बारीक छापलं म्हणून रुसणाऱ्यांवर मी एकदा लेख लिहिला होता. लोक खूप हसले होते.

अंतिम सामना जिंकला की एक पडदा येतो. त्यावर भाषांतर करणाऱ्यांसाठी एकच ओळ. आमची दोघांची नुसती नावं सहज बसत होती. मी माझं घातलं — वडिलांच्या नावासकट, आडनावासकट. ओळ भरली.

"माझा नाव घातलंस मां रे?" दिनेशने विचारलं.

"घातलंय. शेवटाक येता."

"मगे जिंकूकच व्हया!"

तो जिंकत गेला. पण उपांत्य सामना संपला की गेम हँग होतो. त्याला वाटतं, आपला कॉम्प्युटर जुना झालाय. मला कारण माहीत आहे — प्रशिक्षकाच्या तिथल्या वाक्यात माझा एक शब्द जास्त झालाय, चौकटीत मावत नाही. तो काढला की गेम पुढे सरकेल. मग शेवटचा पडदाही दिसेल. सहा वर्षं झाली, मी तो काढलेला नाही.

तसं म्हटलं तर ती ओळही बदलता येते. पाच मिनिटांचं काम. तेही केलेलं नाही.

गेल्या रविवारी दिनेश पुन्हा उपांत्य सामना जिंकला.