महाजन वकिलांचा रेकॉर्ड

पेंटर शिडीवर चढून हॉलमधल्या बोर्डावरचं जुनं नाव खरवडणार, तेवढ्यात खालून आवाज आला, "थांब रे! हात लावू नको."

आवाज महाजन वकिलांचा. बोर्डावरचं नावही त्यांचंच. एका सामन्यात एकट्याने केलेले सर्वांत जास्त पॉइंट, हा आमच्या बुऱ्हाणपूरच्या कॉलेजचा बास्केटबॉलचा रेकॉर्ड त्यांच्या विद्यार्थीदशेपासून त्यांच्याकडे होता. त्या हिवाळ्यात इच्छापूरच्या एकनाथ पाटलाने तो मोडला. राज्य इंग्रजांचं, लढाई चालू, आणि मी कॉलेजात फिजिकल इन्स्ट्रक्टर. पॉइंट मीच मोजले होते.

प्रिन्सिपॉलसाहेबांनी आम्हा दोघांना ऑफिसात बोलावलं.

"वकीलसाहेब, हरकत कसली?"

"पोरगा चांगला आहे, मी पाहिलाय. पण आमची पूरी टीम मिळून करायची तेवढे पॉइंट हा एकटा करतो. हे होतं कसं, एवढं मला कोणी समजवा."

मला राग यायला हवा होता. पण प्रश्न डोक्यात बसला. रिंग तीच, तिची उंची तीच, मैदान तेच. मग फरक कुठे?

फरक नियमात होता. पूर्वी प्रत्येक बास्केटनंतर बॉल मैदानाच्या मधोमध आणत. दोन्ही टीमचे उंच खेळाडू समोरासमोर उड्या मारत आणि खेळ पुन्हा सुरू होई. याला सेंटर जंप म्हणत. त्यात वेळ जायचा. नव्या नियमात ते बंद झालं. बास्केट झाली की रिंगखालूनच बॉल आत फेकायचा.

"गॅदरिंगच्या आत मला एक नाव द्या," प्रिन्सिपॉल म्हणाले.

मी जुन्या नियमाने सामना ठरवला. एकनाथ चिडला. "सर, नियम बदलला त्यात माझा काय कसूर? बाबा गाडी जोडून नाव बघायला येणार आहेत."

"म्हणूनच खेळून बघू."

संध्याकाळी सामना झाला. एकनाथ जीव तोडून खेळला, पण त्याचे पॉइंट निम्म्यावर आले. तो तोंड पाडून बाहेर आला आणि वकिलांना म्हणाला, "आता तुम्ही आमच्या नियमाने खेळा."

पोरं हसली. वकिलांनी कोट काढला, धोतर खोचलं आणि आत उतरले. पहिलाच बॉल त्यांनी रिंगमध्ये टाकला. मग सवयीने ते शांतपणे सेंटरकडे चालू लागले. तोवर बॉल त्यांच्या शेजारून पुढे गेला आणि पलीकडे बास्केटही झाली. थोडा वेळ ते धावले. मग रेषेबाहेर येऊन मातीतच बसले.

"अरे, इथे दम घ्यायला फुरसत कुठे आहे? आम्ही बास्केट केली की सेंटरपर्यंत चालत यायचो. असं धावावं लागलं असतं, तर माझे तेवढेही पॉइंट झाले नसते."

"मग रेकॉर्ड कुणाचा?" प्रिन्सिपॉलांनी विचारलं.

"दोघांचा. हे खेळच दोन आहेत, साहेब." वकिलांनी एकनाथकडे हात पुढे केला. त्याने त्यांना उठवलं.

बोर्डावर दोन ओळी झाल्या. वर महाजन, जुना नियम. खाली पाटील, नवा नियम. मला ही तोड फार आवडली होती.

गॅदरिंगला एकनाथचे वडील आले. बोर्डासमोर बराच वेळ उभे राहिले आणि हळूच मला म्हणाले, "मास्तर, मंग आमचा पोऱ्या दुसरा आला का?"

रेकॉर्ड लिहायला पेंटर पुरतो. तो कोणत्या नियमाने झाला, हे समजावून सांगणं मात्र इन्स्ट्रक्टरच्या गळ्यात पडतं. मी त्यांना बाहेर मैदानावर नेलं आणि स्वतः उडी मारून सेंटर जंप दाखवली.