फरशीवर आखलेली गाडी

निवृत्त झाल्यावर मी खूप झोपणार होते. केदारखेड्याच्या शाळेत नोकरीची शेवटची वर्षं काढली. जालन्याहून सकाळी भोकरदनच्या गाडीत उभं राहून जायचं, संध्याकाळी तसंच उभं राहून यायचं. एकदा ही जा-ये संपली की आठ-पंधरा दिवस नुसतं पडून राहायचं, असं मी मनाशी धरून ठेवलं होतं. पण माझी निवृत्ती आणि आत्याबाईंचं पडणं एकाच उन्हाळ्यात झालं. आत्याबाई म्हणजे माझ्या सासूबाई. न्हाणीत पाय घसरला, खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन चांगलं झालं. वॉकर धरून घरातल्या घरात चालू लागल्या. बाकी सगळं, म्हणजे आंघोळ, लुगडं नेसवणं, संडासला नेणं-आणणं, माझ्याकडं आलं. त्या मला नावानं कधीच हाक मारत नाहीत, "ए बाई" म्हणतात. दिवसातून किती वेळा म्हणायच्या ते मी मोजलं नाही. कुकरची शिट्टी झाली तरी मला "ए बाई" ऐकू यायला लागलं होतं.

अशातच लेकीनं तिकडच्या फिरण्याचं काढलं. ती आणि जावई ऑस्ट्रेलियात अ‍ॅडलेडला असतात. रविवारी दुपारी आमची जेवणं झाली की तिचा फोन येतो. एका रविवारी ती म्हणाली, "आई, बाबा, जुलैत या. इथं तेव्हा थंडी असते. आपण कॅम्परव्हॅन घेऊ आणि वाळवंटातनं वर जाऊ, मधोमध डोंगराएवढा लाल खडक आहे, तिथपर्यंत."

हे, म्हणजे माझे यजमान, लगेच सरसावून बसले. बियाण्यांच्या कंपनीतून निवृत्त झाल्यापासून त्यांच्या हाताला काम नव्हतं. "ती कॅम्परव्हॅन म्हंजे कशी असती?" त्यांनी विचारलं.

"गाडीतच घर, बाबा. गॅस, फ्रिज, झोपायची जागा, सगळं आत. वाटेल तिथं थांबायचं."

"आन् रस्त्याला गावं?"

"फार नाहीत. तासन् तास काहीच येत नाही."

ही तिची शेवटची गोष्ट माझ्या मनात बसली. तासन् तास काहीच येत नाही. मी नकाशा बघितला नाही, फोटो बघितले नाहीत. फक्त एवढंच डोळ्यांसमोर आणलं की गाडी चाललीये, दोन्ही बाजूंना काही नाही, आणि मला कुणी हाक मारत नाही. त्या दुपारी भांडी घासताना मी पहिल्यांदा कुठंतरी जायचं म्हणून खूश होते.

मंग दर रविवारी तेच सुरू झालं. ह्यांनी मोबाइलवर त्या रस्त्याचे व्हिडिओ बघायचा सपाटा लावला. जेवताना मला सांगायचे, तिथं एक गाव आहे, उन्हामुळं लोक जमिनीखाली घरं खोदून राहतात. तिथं संध्याकाळी गाडी चालवत नाहीत, कांगारू आडवे येतात. तिथले ट्रक आगगाडीएवढे लांब असतात. लेक पाण्याबद्दल सांगायची. टाकीत पाणी मोजकंच असतं, भांडी पुसून मग विसळायची, आंघोळ रोज मिळणार नाही. मी म्हटलं, "अगं, आम्ही जालन्यातली माणसं. नळाला आठवड्यानं पाणी येतं आमच्या. तू आम्हाला काय शिकवतीस?" ती हसली. त्यानंतर तिनं पाण्याबद्दल काही सांगितलं नाही.

आत्याबाईंचं काय करायचं, हे आम्ही दोघं हळू आवाजात बोलायचो. माझी नणंद शहागडला असते, हायवेला लागून तिचं घर आहे. महिनाभर आईला सांभाळते म्हणाली होती. आत्याबाईंना सांगायचं काम ह्यांचं होतं. ते म्हणायचे, "सांगतो. जल्दी काय हाये?" मी पण लावून धरलं नाही. सांगितलं की घरात जे होईल, ते निस्तरायची ताकद माझ्यात नव्हती.

एका रविवारी लेकीनं गाडीची मापं पाठवली. ह्यांना ती वाचून काही उमगेना. मग ते उठले, हॉलमधला सोफा भिंतीकडं सरकवला, टीपॉय बाहेर काढला, माझ्या शाळेच्या पिशवीतला उरलेला खडू घेतला आणि टेपनं मोजत फरशीवर अख्खी गाडी आखली. इथं ड्रायव्हर, इथं गॅस, हे मागचं मोठं अंथरूण, हे वरचं. वरचं अंथरूण खाली आखावं लागलं म्हणून त्यात फुल्या मारल्या. मला म्हणाले, "ये, बसून बघ." मी गुडघे धरत त्या रेघांच्या आत जाऊन बसले. ते पुढं ड्रायव्हरशेजारी मांडी घालून बसले. टीव्ही बंद होता, दुपारची वेळ, खिडकीतून ऊन येत होतं. साठीला आलेली दोन माणसं फरशीवर बसली होती आणि दोघांनाही त्याचं काही वाटत नव्हतं.

तेवढ्यात वॉकरचा आवाज आला. आत्याबाई आपल्या खोलीतून दारापर्यंत आल्या आणि खडूच्या रेघेपाशी थांबल्या. त्यांना वाटलं, रेघ पुसेल.

"हे काय करून राह्यले तुम्ही?" त्यांनी विचारलं.

"गाडी हाये, माय," हे म्हणाले. "पोरीकडं जाऊ ना, तवा तिथं फिरायची गाडी. आतच झोपायचं, आतच सैपाक."

त्यांनी सगळ्या रेघा नीट बघितल्या. मागचं अंथरूण, फुल्या मारलेलं अंथरूण, गॅस. मग म्हणाल्या, "मंग माझं अंथरूण कुठंय?"

त्यांच्या आवाजात राग नव्हता. त्यांना खरंच वाटत होतं की आपणही जाणार आहोत आणि लेकानं जागा आखायची राहून गेली आहे. ह्यांनी माझ्याकडं बघितलं. मी फरशीकडं बघत राहिले.

"माय, तुला इमानात बसवत न्हाई," शेवटी हे म्हणाले. "डॉक्टरनं लांबचा प्रवास बंद सांगितलाय. तू तवर शहागडला राह्यजो."

"लेकीच्या दारात पडून राहू? माझं करायला तिला जमायचं का?" मग त्या म्हणाल्या, "तुम्ही जा. मी हितंच राहते. माझं मी बघते." आणि वॉकर वळवून आत गेल्या. वळताना त्यांना फार वेळ लागला. मी उठले नाही. उठायला हवं होतं.

त्या दिवसापासून आत्याबाई हाक मारायच्या बंद झाल्या. स्वतःच उठायचा प्रयत्न करायच्या, मी धावत जायचे. हाकांपेक्षा ते जास्त दमवणारं होतं, कारण आता सारखं कान देऊन बसावं लागे. नणंदेनं फोन करून समजावलं, त्यांनी ऐकून घेतलं आणि फोन माझ्या हातात दिला.

पुढच्या रविवारी लेकीचा फोन आला तेव्हा मीच बोलले. "बाई, यंदा राहू दे. आम्हाला जमत न्हाई."  ती म्हणाली, "आई, तुझा आवाज असा का येतोय?"

"काही न्हाई. दमलीये."

"किती दिवसांपासून?"

 ह्यांनी माझ्या हातातून फोन घेतला. त्यांनी जे सांगितलं ते आमचं आपसात ठरलेलं नव्हतं. त्यांनी मला विचारलं पण नव्हतं. "तुझ्या आईचं एकटीचं तिकीट काढ," ते म्हणाले. "मी राहतो मायपाशी."

फोन ठेवल्यावर मी चिडले. "तुमची सगळी हौस. व्हिडिओ तुम्ही बघितले, गाडी तुम्ही आखली. मी एकटी कशी जाऊ? आन् त्यांचं तुम्हाला जमणारे का? आंघोळ कोण घालणार?"

"शेजारच्या भाभीला विचारतो."

"तुम्ही विचारलं नसेलच अजून."

"न्हाई विचारलं. आता जातो." आणि चपला घालून ते खरंच गेले.

शेजारच्या भाभी आमच्याच मजल्यावर राहतात. त्यांनी आपल्या आजारी सासूचं अखेरपर्यंत केलेलं. त्या आल्या, आत्याबाईंच्या पलंगावर बसल्या आणि म्हणाल्या, "अम्मा, सुबह मैं आती नहलाने. बेटे के हाथ से थोडी नहाते. बहू को जाने देव." आत्याबाईंनी उशाशी घडी केलेली शाल पुढं ओढली. मग मला म्हणाल्या, "ए बाई, तिथं थंडी असती म्हणं. माझी शाल घेऊन जा." मी शाल घेतली. 

त्यानंतरची तयारी मी केली ती ह्यांना शिकवण्याची. गोळ्या कोणत्या कधी, भाकरी दुधात किती वेळ भिजवायची, उठवताना हात कुठं धरायचा. त्यांचा हात चुकायचा, आत्याबाई कळवळायच्या, आणि मला वाटायचं तिकीट रद्द करावं. माय-लेकाची ती धडपड बघत उभं राहणं, हात न लावता, हे मला नोकरीपेक्षा जड गेलं.

मी गेले. वाळवंटही बघितलं, पण खरं सांगते, निम्म्याहून जास्त झोपेत बघितलं. गाडी सुरू झाली की माझे डोळे मिटायचे. लेक म्हणायची, "आई, बघ ना, इमू," आणि मी हुं म्हणून पुन्हा झोपायचे. तिनं दोन दिवस उठवलं, नंतर सोडून दिलं. जावयांनी माझ्या पाठीमागं उशी लावली. एकदा दुपारी जाग आली तेव्हा गाडी उभी होती, दोघं बाहेर चहा करत होती आणि चहूकडं लाल माती होती, अंबडकडच्या मुरमासारखी, फक्त कितीतरी लांबवर. मी खाली उतरले नाही. दार उघडं ठेवून बसले आणि रडू आलं. कशासाठी ते कळलं नाही. लेक चहा घेऊन आली आणि शेजारी बसली. लाल खडकापाशी माझा फोटो आहे, त्यात आत्याबाईंची शाल अंगावर आहे आणि चेहरा सुजलेला आहे, झोपून उठल्यासारखा.

परत आले तेव्हा हे वाळले होते. स्टेशनवरून रिक्षात बसल्यावर त्यांनी माझी बॅग मांडीवर घेतली. मंग म्हणाले, "माय राती सारखी उठवती. तू मला कधी सांगितलं न्हाई."

"तुम्हाला ऐकू यायचं की," मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली. 

थकवा गेला असं मी म्हणणार नाही. महिन्याभराच्या झोपेनं तेवढं होत नसतं. पण भाभींनी सकाळचं येणं बंद केलं नाही, आणि चहा आता हे करतात. दोघं माय-लेक साखरेवरून वाद घालतात. मी आतल्या खोलीत पडून ऐकते, आणि बहुतेक सकाळी उठायला थोडा उशीर करते.