पाटीवरची वेळ

आमचं रेशनचं दुकान बंद झाल्याची बातमी मला आमच्याच शटरनं दिली. त्यावर कागद चिकटवलेला होता. मी वाचायच्या आधी पाठीमागच्या चारपाच जणांनी तो मोठ्यानं वाचला: 'परवाना रद्द.'

कारण असं की, पाटीवर 'सकाळी ९ ते १' लिहिलेलं, आणि तपासणीला माणूस आला तेव्हा अकरा वाजता कुलूप. 'दुकान कायम बंद असते, धान्य परस्पर जाते,' असा निष्कर्ष काढून मंडळी मोकळी.

आता पाटी वडिलांच्या काळातली. आमच्या गल्लीत घरोघरी बायका विड्या वळतात. सकाळी त्या वळलेल्या विड्या द्यायला कारखान्यात जातात, दुपारी येतात. म्हणून मी दुकान संध्याकाळी पाचला उघडतो, शेवटचं गिऱ्हाईक जाईपर्यंत. गल्लीतल्या पोराटोरांना हे ठाऊक. पाटी बदलायची तेवढी राहून गेली होती. अकरा वाजता मी घरी पंख्याखाली दुसरा चहा घेत होतो, हे मात्र खरं.

कार्डं लांबच्या दुसऱ्या दुकानाला जोडली गेली. बायका पिशव्या घेऊन तिकडं पायपीट करू लागल्या आणि जाताना माझ्या दाराशी थांबून मला सुनवू लागल्या.

मी पुण्याला अपील करायचं ठरवलं आणि अर्ज लिहायला बसलो. आजोबांपासून सुरुवात केली. बायकोनं चार पानं वाचली.

"अहो, रद्द करायच्या आधी तुमाला कुणी काही विचारलं का?"

"नाही."

"नोटीस?"

"नाही."

"मग तेवढंच लिहा की! आजोबांचा परवाना रद्द झालाय व्हय?"

पुण्यात अपील ऐकणाऱ्या साहेबांसमोर उभा राहिलो. रेल्वेत पाठ केलेलं भाषण घशाशी आलं. "साहेब, आमचे आजोबा..." एवढ्यात कोपराला चिमटा बसला. बायकोची चिमटी घट्ट असते.

साहेबांनी विचारलं, "तुम्हाला कारणे दाखवा नोटीस मिळाली होती?"

"नाही साहेब."

साहेब आमच्या सोलापूरच्या पुरवठा कचेरीतून फाईल घेऊन आलेल्या माणसाकडं वळले. "नोटीस दाखवा. ह्यांचा जबाब दाखवा." त्यानं फाईल पुढून चाळली, मागून चाळली, मग झटकून पाहिली. शटरवरचा कागद सोडून त्यात काही नव्हतं.

"ह्यांना न ऐकताच रद्द केलं? आदेश रद्द. आधी नोटीस द्या, म्हणणं ऐका, मग काय ते ठरवा."

मी बाहेर येऊन शेजारच्या अनोळखी माणसाला मिठी मारली. बायको म्हणाली, "सोडा त्यांना. अजून जिंकला न्हाय तुमी. नुसतं बोलायला मिळालंय."

यावेळी नोटीस हातात आली. इतकी झोकात सही मी लग्नाच्या नोंदणीतही केली नव्हती. सुनावणी सोलापुरात, नेमकी सकाळी अकराला. बायका त्या वेळी कारखान्यात. माझ्या बाजूनं कोण येणार?

कचेरीत पोचलो तर व्हरांडाभर तंबाखूचा वास. गल्लीतल्या साऱ्या बायका खाडा करून भिंतीशी ओळीनं बसलेल्या, मांडीवर सुपं आणि हात विड्यांवर. आतून क्लार्कच्या शिंका ऐकू येत होत्या.

अधिकाऱ्यांनी मला विचारलं, "सकाळी दुकान बंद का?"

मी सगळं सांगितलं. चहासुद्धा. पाटी बदलली नाही हेही.

मग सगळ्यात वडीलधारी अम्मा उभी राहिली. घरी तेलुगू बोलणारी, पण भांडायला तिला मराठीच लागते. "साहेब, ह्यानं सकाळी दुकान उघडलं तर आमी कारखान्याला कवा जायचं? हा लई आळशी हाय. पण दाणा कमी देत न्हाय."

शिंकणारा क्लार्कही हसला. माझ्या आयुष्यातलं सर्वांत मोठं प्रशस्तिपत्र ते, आणि आळशी शब्दासकट जबाबात लिहून घेतलं गेलं.

निकाल आला: चूक पाटीची, परवान्याची नाही. मला ताकीद, परवाना बहाल, आणि संध्याकाळची वेळ मंजूर. शटर वर गेलं त्या दिवशी रांग कोपऱ्यावरून वळली होती. अम्मा पहिली.

नवी पाटी रंगवून घेतली: 'सायं. ५ ते ९'. बायकोनं ती दोनदा वाचली.

"म्हणजे सकाळी तुमी सरकारी हिशोबानं मोकळे?"

"अगदी कायदेशीर!"

"मग दळण आणा."

हल्ली दुसऱ्या चहाच्या वेळी मी खांद्यावर दळणाचा डबा घेऊन माझ्याच दुकानावरून जातो. कुलूप दिसतं. ताठ मानेनं जातो.