खोडलेलं नाव वाचणाऱ्या बाई

बाईंची हजेरी नंतर व्हायची. वर्गात शिरल्या की आधी त्या फळ्यावर खडूनं एक खुर्ची काढायच्या. मग हात झटकून म्हणायच्या, "कोण बसला ते पाठ करू नका. बसवलं कुणी, ते विचारा."

मी त्याच शाळेत चित्रकला शिकवायचो. त्या खुर्चीचा एक पाय नेहमी आखूड यायचा आणि ते मला फार खुपायचं. एकदा मी तसं बोलूनही दाखवलं. "असू द्या सर," बाई म्हणाल्या, "रोमच्या गादीचा एक पाय कायम आखूडच होता."

मुरुम गावच्या शाळेत रोमचे बादशहा कुठून आले, असं तुम्ही विचाराल. अभ्यासक्रमात ते नव्हतेच. पण बाई व्यापाऱ्याच्या घरातल्या. घरात कानडी, दारात मराठी आणि विचाराची रीत दुकानातली. दोन हजार वर्षांपूर्वी आपल्या जिल्ह्यातल्या तेरचं कापड भरूचला जायचं, तिथून जहाजानं रोमला. "एवढं जुनं गिऱ्हाईक," त्या म्हणायच्या, "त्याचा धंदा पुढं कसा बुडाला, ह्याची चौकशी नको व्हय करायला?" म्हणून दर शनिवारी शेवटच्या तासाला ही चौकशी चालायची.

फौजेनं बादशहा करायचा आणि फौजेनंच त्याला मारायचा, हा भाग पोरांना लई आवडायचा. डायोक्लेशियन तर गावात सगळ्यांच्या ओळखीचा झाला होता. त्यानं आपण होऊन गादी सोडली आणि कोबी लावला, हे ऐकल्यापासून मळ्यात रमलेल्या माजी सरपंचांना पोरं त्याच नावानं ओळखायची. सरपंचांना ती शिवी वाटायची, पण बाईंच्या मते ती पदवी होती.

एकदा तपासणीला साहेब आले. "बाई, हे परीक्षेला येतं का?" त्यांनी विचारलं.

"न्हाय साहेब," बाई म्हणाल्या, "परीक्षा झाल्यावर येतं."

साहेबांनी शेरा मारला. बाईंनी तो वर्गात वाचून दाखवला आणि पुढचा बादशहा शिकवायला घेतला.

आता मला माझीच गोष्ट सांगायला हवी, आणि ती सांगताना अजून घाम फुटतो.

आमच्या शाळेच्या हॉलमध्ये संस्थापकांच्या नावांचा हिरवा फलक होता. पांढऱ्या रंगातली सात नावं, सगळी माझ्या हातची. पहिलं नाव शाळा उभी करणाऱ्या जुन्या हेडसरांचं. पुढं संस्थेत दोन गट पडले, हेडसरांचा गट हरला आणि दुसऱ्या गटातला एक तरुण अध्यक्ष झाला. त्यानं मला बोलावून सांगितलं, "सर, पहिलं नाव काढा. तिथं आमच्या वडलांचं लिहा."

मी काढलं. दोन हात हिरवा रंग मारला आणि वर त्याच्या वडलांचं नाव झोकदार वळणात लिहिलं. बायको, दोन मुली, उमरग्यातल्या घराचे हप्ते, अशी कारणं माझ्याकडं तयार होती. कुणी विचारली मात्र नाहीत.

दुसऱ्या दिवशी बाई दहावीचा अख्खा वर्ग घेऊन हॉलमध्ये आल्या. मी ब्रश धूत होतो.

"पोरांनो, फलकावर रंग ताजा कुठं दिसतोय?"

पोरांनी बोटं दाखवली. मग बाईंनी कॉन्स्टंटाईन बादशहा सांगितला. त्यानं स्वतःच्या थोरल्या पोराला, क्रिस्पसला, मारून टाकलं आणि दगडांवर कोरलेलं त्याचं नाव छिन्नीनं खोडायला लावलं. कॉन्स्टंटाईनच्या विजयकमानीवर तर जुन्या बादशहांची कोरीव चित्रं होती. धड त्यांचं तसंच ठेवलं आणि चेहरा ह्याचा कोरला. "पण छिन्नी मारली की खड्डा पडतो," बाई म्हणाल्या, "आणि खड्डा वाचता येतो. हितं काय लिहिलं होतं? वाचा."

चाळीस पोरं हेडसरांचं नाव मोठ्यानं ओरडली. बाई म्हणाल्या, "परत." पोरं परत ओरडली. अध्यक्षांची खोली हॉलला लागूनच होती.

तासाभरात बाईंना बोलावणं आलं. बाईंनी पोरांना चिथावलं, एवढं सांगायला साक्षीदार म्हणून मलाही उभं केलं.

अध्यक्ष बाईंचाच विद्यार्थी. तो नम्रपणे म्हणाला, "बाई, तुमची दोनच वर्षं राहिलीत. राजीनामा द्या, घरी बसा, बागेत भाजी लावा."

"ते बादशहाला शोभतं," बाई म्हणाल्या. "मला कुठली गादी? मला तास हाय, आणि तो म्या सोडत न्हाय."

मग त्यानं त्यांच्या दुखऱ्या जागेवर बोट ठेवलं. बाईंची आई सोलापूरला दवाखान्यात शेवटच्या घटका मोजत होती, तेव्हा हेडसरांनी बाईंची रजा नामंजूर केली होती. बाई सातवीच्या वर्गावर असताना आई गेली. हे सगळ्या शाळेला ठाऊक होतं.

"असल्या माणसाची बाजू तुम्ही का घेता?"

 बाईंचे डोळे भरलेले मी तेव्हा एकदाच पाहिले.

"बाजू कुठं घेतली रे?" त्या म्हणाल्या. "त्यांनी शाळा बांधली आणि त्यांनीच मला आईचं तोंड बघू दिलं न्हाय. दोन्ही खरं हाय. नाव राहिलं तर दोन्ही सांगता येतं. तू नाव खोडलंस म्हणजे माझ्या आईचं मरण बी खोडलंस."

अध्यक्षानं माझ्याकडं पाहिलं. "सर, बाईंनी चिथावलं ना?"

मी मान हलवली. ती होकाराची होती की नकाराची, हे मलाही सांगता येणार नाही, इतकी ती भेकड होती. अध्यक्षानं ती होकाराची धरली.

आठवड्याभरात बाईंची बदली झाली. संस्थेची एक शाखा पार कर्नाटकच्या हद्दीला लागून आहे. दोन एसट्या बदलून जायचं, वर दोन किलोमीटर चालायचं. बाई निघाल्या त्या दिवशी मी फाटकापाशी घुटमळत होतो.

"सर, तुमचं अक्षर सुंदर हाय," त्या म्हणाल्या. "त्याचा काय दोष न्हाय."

त्यापेक्षा त्यांनी शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

दोन वर्षं त्यांनी तिथं काढली, एकही तास न चुकवता. निवृत्त झाल्या आणि वर्षभरातच गेल्या. मी मातीला गेलो होतो, पण मागंच उभा राहिलो.

पुढं दोन गटांच्या भांडणाचा निकाल कोर्टात फिरला. संस्था हेडसरांच्या पुतण्याच्या हातात आली आणि मला पुन्हा बोलावणं आलं. आता त्या अध्यक्षाच्या वडलांचं नाव पुसून हेडसरांचं लिहायचं होतं.

"हेडसरांचं लिहितो, बाजूला जागा हाय," मी म्हणालो. "हे मात्र पुसणार न्हाय. कसं आलं, ते बी राहू द्या तिथं."

"सर, त्या वेळी तर मुकाट्यानं पुसलंत," पुतण्या म्हणाला.

"व्हय, पुसलं," मी म्हणालो. "म्हणूनच आता न्हाय."  इतकं बरं मला कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं.

त्यांनी फलक रंगवायला उमरग्याहून पेंटर आणला आणि मला बदलीचा कागद दिला. शाळा तीच, हद्दीवरची.

पहिल्या दिवशी मी घामाघूम होऊन तिथं पोचलो. तीन खोल्या, एक लिंबाचं झाड, आणि झाडाखाली पोरांची खिचडी शिजवणाऱ्या मावशी. त्यांनी माझ्या खांद्यावरची ब्रशांची पिशवी पाहिली आणि हातातला झारा खाली ठेवला.

"तुमी चित्रकलेचे सर न्हवं?"

"व्हय. तुम्हाला कसं कळलं?"

"बाई सांगून गेल्या हुत्या. म्हणल्या, आज ना उद्या ते सर बी हितं येतील, त्यांना पाणी द्या." मावशींनी तांब्या पुढं केला. "लई उशीर केलाव सर तुमी."